खोक्यावरचा ड्रॅगन बाजूला ठेवा: रोलप्ले आणि डेक-बिल्डिंग एकत्र देणारा गेम कसा निवडावा

खोक्यावर तलवार, ड्रॅगन आणि झगेवाला जादूगार छापला म्हणून आतला गेम रोलप्लेइंगचा, म्हणजे एखादं पात्र होऊन गोष्ट जगण्याचा, होत नाही. आणि प्रत्येक पात्राला दहा-बारा पानं दिली म्हणून तो डेक-बिल्डिंगचाही, म्हणजे आपल्या पत्त्यांचा गठ्ठा (डेक) स्वतः बांधण्याचाही, होत नाही. दोन्ही एकत्र देतो असं सांगणारे गेम आता भरपूर आहेत. बहुतेक परदेशातून येतात, महाग पडतात, आणि वरचं प्लास्टिक एकदा फाडलं की दुकानदार सहसा परत घेत नाही. त्यामुळे ही निवड दुकानात उभं राहून करू नये, घरी बसून करावी.

निवडताना माझा पहिला प्रश्न एकच असतो: आजचा डाव उठल्यावर डेकचं काय होतं? सगळी पानं पुन्हा ढिगात जातात, की तुमची पानं तुमच्या नावाने बाजूला राहतात? आणि राहत असतील, तर गोष्टीत जे घडलं त्याची काही खूण त्या पानांवर उरते का? या एका प्रश्नावर अर्धी यादी गळते. उरलेली अर्धी तुमच्या ग्रुपकडे बघून गाळायची.

डेक बांधतात तो कधी?

डेक-बिल्डिंग लोकप्रिय केलं डॉमिनियनने. डोनाल्ड एक्स. व्हॅकारिनोचा हा गेम २००८ साली आला आणि पुढच्याच वर्षी त्याने जर्मनीचं श्पील देस यारेस हे मानाचं पारितोषिक पटकावलं. सुरुवातीला प्रत्येकाकडे तीच १० पुचाट पानं असतात: ७ तांब्याची नाणी आणि ३ जमिनीचे तुकडे. दर वेळी ५ पानं उचलायची, त्यांतून जमेल ती खरेदी करायची. विकत घेतलेलं पान आपल्याच टाकलेल्या पानांत जातं, डेक संपला की ती सगळी पिसून पुन्हा डेक तयार. म्हणजे आत्ता घेतलेलं चांगलं पान थोड्या वेळाने हातात येतंच, पण ती नको झालेली नाणीही दर वेळी मध्ये येऊन छळतात. नवीन पान घेण्याइतकंच जुनं पान कायमचं काढून टाकणं महत्त्वाचं असतं. हे ज्याला उमगलं त्याला हा प्रकार उमगला.

डाव संपला की सगळं परत ढिगात. पुढच्या शनिवारी पुन्हा तीच १० पानं.

दुसऱ्या प्रकारात डेक डावाच्या आधी बांधतात आणि दोन डावांच्या मध्ये सुधारतात. पात्र निवडायचं, त्याच्या नियमात बसणारी पानं वेचायची, खेळायचं, अनुभवाचे गुण मिळवायचे आणि ते खर्चून काही पानं बदलायची. इथे डेकला वय असतं.

तिसऱ्या प्रकारात डेक असा नसतोच. पात्राची ठरलेली पानं असतात, त्यांतली कुठली हातात घेऊन आत शिरायचं ते तुम्ही ठरवता, आणि पात्राची पातळी वाढली की निवडीला एखादं पान जास्त मिळतं. दुकानातली वर्णनं यालाही सर्रास डेक-बिल्डिंग म्हणतात. तुमच्यातला कोणी डॉमिनियनवर वाढलेला असेल तर तो पहिल्याच संध्याकाळी कुरकुर करणार, 'यात बांधायचं काय आहे?'

रोलप्लेची बाजू थोडक्यात सांगतो. डंजन्स अँड ड्रॅगन्स १९७४ मध्ये आला तेव्हापासून या खेळाचा प्राण म्हणजे समोर बसलेला गेम मास्टर. तुम्ही काहीही म्हणू शकता, 'मी कंदील पडद्यावर फेकतो' म्हणालात तर पुढे काय होतं ते तो सांगतो. पत्त्यांच्या गेममध्ये ही जागा पुस्तक घेतं नाहीतर मोबाइलवरचं ॲप. पुस्तकाने तीन पर्याय दिले की पर्याय तीनच. पडदा पेटवायचा चौथा पर्याय नाही. ज्याला तो चौथा पर्यायच हवा आहे त्याच्यासाठी खोक्यात भरलेला कुठलाही गेम पुरणार नाही. त्याने सरळ या लेखातला घरच्या पत्त्यांचा भाग वाचावा.

ग्रुपकडे बघा, आणि खरं बघा

आधी माणसं मोजा. यातले बहुसंख्य गेम १ ते ४ खेळाडूंचे असतात. पाचवा माणूस हा फार मोठा प्रश्न आहे आणि 'तो बसेल कोणाबरोबर तरी' हे त्याचं उत्तर नाही. दर वेळी पाच जण येत असतील तर जर्नीज इन मिडल-अर्थ (२०१९) बघा, तो ५ जणांपर्यंत चालतो. नाहीतर घरी रचलेला खेळ.

मग हजेरी. पुण्यातल्या ग्रुपमध्ये एक जण हिंजवडीहून येतो, एक विमाननगरहून, आणि एकाला अचानक चार महिने ऑनसाइट जावं लागतं. कॉलेजचा ग्रुप असेल तर परीक्षा. मोहीम, म्हणजे डावामागून डाव चालणारी गोष्ट, अशा ग्रुपमध्ये दुसऱ्या-तिसऱ्या भागातच दम तोडते. तेव्हा गैरहजेरी सोसणारा गेम शोधा. ग्लूमहेवनमध्ये राक्षसांची संख्या खेळाडूंच्या संख्येवर ठरते आणि अवघडपणा पात्रांच्या सरासरी पातळीवरून काढतात, त्यामुळे एखादा आला नाही तरी डाव मांडता येतो. अर्थबोर्न रेंजर्सलाही मध्येच आलेल्या-गेलेल्याचं वावडं नाही. उलट क्लँक! लेगसीसारखा, पटावर स्टिकर चिकटवत पुढे जाणारा गेम त्याच त्या माणसांबरोबर शेवटपर्यंत खेळण्यातच मजा आहे. ज्याने अर्धी गोष्ट चुकवली त्याला पटावरचे स्टिकर काय सांगणार?

पुढचा मुद्दा बोलण्याचा. कॉलेजात पुरुषोत्तम करंडकाच्या तालमी केलेला एखादा मित्र असतोच. त्याला आवाज बदलून बोलायला सांगावं लागत नाही, थांबायला सांगावं लागतं. त्याच्या शेजारी एखादी अशी बसलेली असते जिला पात्राच्या तोंडून एक वाक्य बोलायचं म्हटलं तरी घाम फुटतो, पण कुठलं पान कधी खेळायचं यात तिचा हात कोणी धरत नाही. पत्त्यांवर चालणारा रोलप्ले अशा मिश्र ग्रुपसाठीच बनलाय असं मला वाटतं. न बोलताही पात्र दिसतं: हिने जखमी मित्राला वाचवायला आपलं सर्वात चांगलं पान टाकलं, हे सगळ्यांनी पाहिलेलं असतं.

घरात मेंढीकोट आणि रमी खेळणारी मोठी माणसं असतील तर त्यांना कमी लेखू नका. गेलेली पानं लक्षात ठेवणं, चांगलं पान योग्य वेळेपर्यंत दाबून ठेवणं हे त्यांच्या बोटांत असतं. अडतं ते इंग्रजीच्या बारीक मजकुरापाशी. त्याला उपाय साधा आहे: पुस्तक एकाने वाचायचं आणि गोष्ट मराठीत सांगायची. पानांवरचे नियमाचे शब्द आहेत तसेच ठेवा, त्यांचं भाषांतर करत बसलात तर वाद होतील.

आणि टेबल. चार खुर्च्यांच्या जेवणाच्या टेबलावर थोरला ग्लूमहेवन मावत नाही. सतरंजीवर बसायची सवय असेल तर जागा भरपूर मिळते, पण मग उभे करायचे राक्षस आणि कोणाची तरी मांडी यांची गाठ ठरलेली.

आता गेम

पहिला गट डाव उठल्यावर डेक मोडणाऱ्यांचा. क्लँक! (२०१६) यात मला सगळ्यात आवडतो. १० पानांनी सुरुवात, ड्रॅगनच्या गुहेत शिरून वस्तू चोरायची, आणि काही पानं खेळली की आवाज होतो. आवाजाचे ठोकळे पिशवीत जातात, ड्रॅगन जागा झाला की पिशवीतून ठोकळे निघतात, ज्याचा ठोकळा त्याला फटका. हावरटपणाची शिक्षा इतकी थेट मिळते की लोक आपोआप आपल्या चोराच्या तोंडून बोलायला लागतात. पण उद्या त्या चोराला काही आठवणार नाही. थंडरस्टोन (२००९) याच गटातला. स्ले द स्पायरचा बोर्ड गेमही (२०२४) इथलाच. तो १ ते ४ जणांनी मिळून खेळायचा आहे, बांधकाम म्हणून फार देखणा आहे, पण गोष्टीची भूक असलेल्याला उपाशी ठेवतो. मेज नाइट (२०११) व्लादा ख्वातिलचा: १६ पानांचा डेक, आणि जखमा म्हणजे हातात येऊन बसणारी निरुपयोगी पानं. एकट्याने खेळायला अप्रतिम. चौघांत खेळलात तर इतर तिघं तुमचा विचार संपेपर्यंत चहा करून येतील.

या गटाला कमी समजायचं कारण नाही. ग्रुप दर वेळी वेगळा असेल तर हाच गट घ्यावा. फक्त रोलप्लेची अपेक्षा ठेवू नका.

दुसरा गट डेक जपणाऱ्यांचा, आणि इथे मी जास्त वेळ घालवणार आहे.

आर्कहॅम हॉरर: द कार्ड गेम २०१६ चा, नेट फ्रेंच आणि मॅथ्यू न्यूमन यांचा. १९२० च्या दशकातलं अमेरिकेतलं एक काल्पनिक गाव, तिथे काहीतरी अभद्र चाललंय, आणि तुम्ही तपास करणारे. प्रत्येक तपासनीसाचा साधारण ३० पानांचा डेक, शिवाय त्याचं स्वतःचं एक खास पान आणि एक दुबळेपणाचं पान. ते दुबळेपणाचं पानच या गेमचं मर्म आहे. मूळ संचातला रोलंड बँक्स सरकारी एजंट. त्याच्या डेकमध्ये एक दडपादडपीचं पान असतं. ते हातात आलं की त्यावर ३ पुरावे ठेवायचे. पुढे सापडलेले पुरावे तपासासाठी वापरायचे की हे पान रिकामं करण्यात घालवायचे, हे त्याने ठरवायचं. डाव संपताना पानावर पुरावा उरला तर त्याच्या मनावर कायमचा घाव बसतो आणि पुढचा प्रत्येक डाव तो त्या घावासकट सुरू करतो. कोणी अभिनय करायला सांगितलेलं नसतं, तरी रोलंडचा खेळाडू पानं पिसतानाच धास्तावलेला असतो.

डावात हरलात तर गोष्ट बहुतेक वेळा थांबत नाही, वेगळ्या वाटेने पुढे जाते, आणि काय घडलं ते मोहिमेच्या नोंदवहीत लिहायचं असतं. अनुभवाच्या गुणांनी पानं सुधारता येतात. फाशांऐवजी पिशवीतून एक चकती काढायची, आणि पिशवीत कुठल्या चकत्या आहेत त्यावर अवघडपणाच्या चार पातळ्या ठरतात. नवख्यांनी सर्वात सोप्या पातळीवर सुरुवात करावी, त्यात लाज नाही. गेम मुळात निर्दय आहे.

लॉर्ड ऑफ द रिंग्ज: द कार्ड गेम (२०११) त्याचाच थोरला भाऊ. डेक किमान ५० पानांचा आणि एकेका खेळाडूकडे तीन-तीन नायक. त्यामुळे आपण एक माणूस आहोत असं कमी आणि आपण तुकडी चालवतोय असं जास्त वाटतं. डेक बांधण्याचं वेड असलेल्याला हा जास्त आवडेल, रोलप्लेवाल्याला आर्कहॅम.

पाथफाइंडर ॲडव्हेंचर कार्ड गेम २०१३ चा, माइक सेलिंकरचा. यातली कल्पना सुंदर आहे: तुमचा डेक हाच तुमचा जीव. साधारण १५ पानं, मार बसला की हातातली पानं जातात, आणि उचलायला पान उरलं नाही की पात्र मेलं. खरोखर मेलं. सापडलेली शस्त्रं आणि मंत्र तुमच्याकडे राहतात, पण शेवटी डेक पात्राच्या ठरलेल्या मापात बसवायचा, इतकी शस्त्रं, इतके मंत्र, इतकी चिलखतं. गोष्ट मात्र चार ओळींत सांगून उरकली जाते. गोष्ट स्वतः फुलवणारा कोणी टेबलावर असेल तर हा गेम रंगतो, नसेल तर तो फासे टाकण्याचा कारखाना होतो. घेतलात तर २०१९ चा सुधारित मूळ संच घ्या.

अर्थबोर्न रेंजर्स (२०२३) माझ्या मते या मिश्रणाच्या सर्वात जवळ पोचतो. पात्र बनवतानाच डेक बनतो: स्वभावाची काही पानं, कुठे वाढलात त्याची काही, कशात तरबेज आहात त्याची काही. त्यामुळे 'तू कोण?' आणि 'तुझ्या डेकमध्ये काय?' ही एकाच उत्तराची दोन टोकं होतात. नकाशावर कुठेही भटकायला मोकळीक आहे. प्रत्येक वाटेवर मारामारीच करावी लागत नाही, प्राण्याला नुसतं चुकवून जाता येतं. ज्यांना दर पाच मिनिटांनी काहीतरी फोडायला हवं असतं त्यांना हा मिळमिळीत वाटेल. अशांना तो विकू नका.

ग्लूमहेवन (२०१७, आयझॅक चिल्ड्रेस) तिसऱ्या गटातला, पण लोक याच शोधात तिथे पोचतात म्हणून सांगतो. दर फेरीला दोन पानं खेळायची, एकाचा वरचा अर्धा भाग आणि दुसऱ्याचा खालचा. विश्रांती घेतली की वापरलेली पानं परत येतात, पण दर वेळी एक त्या डावापुरतं जातं, म्हणजे डाव जसा पुढे सरकतो तसा हात आटत जातो. खरं डेक-बिल्डिंग लपलंय ते दुसरीकडे: प्रत्येकाकडे हल्ल्याच्या फेरफाराचा २० पानांचा छोटा डेक असतो. कमाई झाली की त्यातली उणे एकची पानं काढून टाकता येतात, चांगली घालता येतात. तो डेक महिन्याभरात पूर्ण तुमचा होतो. सुरुवात मात्र धाकट्या ग्लूमहेवनने, म्हणजे जॉज ऑफ द लायनने (२०२०) करा. ४ पात्रं, २५ प्रसंग, पहिले पाच शिकवण्यासाठीच रचलेले, आणि नकाशे पुस्तकातच छापलेले असल्यामुळे जेवणाचं टेबल पुरतं. थोरल्याची अमेरिकेतली छापील किंमत १४० डॉलर होती, याची ५०. इथे पोचेपर्यंत दोन्ही आकडे फुगतात, पण अंतर तेवढंच राहतं.

जर्नीज इन मिडल-अर्थमध्ये ॲप गेम मास्टरचं काम करतं आणि प्रत्येक कसोटीला डेकमधून पानं उलटून यशाच्या खुणा मोजायच्या. गोष्ट ॲप सांगतं, हिशेब ॲप ठेवतं. कोणालाही नियम पाठ करायचे नसतील तर हा बरा. पण सगळे मिळून टॅबलेटकडे बघत बसतात, आणि मला ते आवडत नाही. फोन बाजूला ठेवायला तर जमलो होतो.

आणि ज्यांना गेम मास्टरही हवा, डेकही हवा, त्यांच्यासाठी फीनिक्स: डॉन कमांड (२०१७, कीथ बेकर आणि डॅन गॅरिसन). फाशांऐवजी प्रत्येकाचा स्वतःचा डेक, आणि पात्रं मरून पुन्हा जन्मतात, दर मरणाने जास्त सामर्थ्यवान होऊन. मागवायला कटकट आहे, पण खराखुरा रोलप्लेइंग गेम पानांवर कसा चालतो हे बघायचं असेल तर याला तोड नाही.

पैसे टाकण्याआधी चाचणी

बहुतेक प्रकाशक नियमपुस्तिकेची पीडीएफ फुकट देतात. ती वाचा. सगळी नाही, डाव कसा मांडायचा आणि डाव संपल्यावर काय करायचं एवढी दोनच प्रकरणं. दुसऱ्या प्रकरणात डेकचं काय होतं ते स्पष्ट लिहिलेलं असतं. मग कोणीतरी पूर्ण डाव खेळतानाचा व्हिडिओ लावा आणि मधली वीस मिनिटं बघा. सुरुवातीचा उत्साह आणि शेवटची धमाल सगळ्याच गेममध्ये असते. मध्ये कंटाळा येतो का, ते कळायला हवं.

ग्लूमहेवन संगणकावर आहे, २०२१ पासून पूर्ण रूपात. स्ले द स्पायरचा मूळ व्हिडिओ गेम त्याच्याही आधीचा. दोन्हींपैकी जो हाताला लागेल त्यावर एक संध्याकाळ घालवा. आर्कहॅमसाठी आर्कहॅमडीबी नावाच्या संकेतस्थळावर एकही पान विकत न घेता डेक बांधून बघता येतो. हा खेळ निम्मा तिथेच असतो. डेक बांधायलाच कंटाळा आला तर पुढचे पैसे वाचले.

शहरात बोर्ड गेम ठेवणारी कॅफे आहेत आणि पहिल्या गटातले गेम तिथे खेळून बघणं उत्तम. डेक जपणाऱ्या गेमचं तिथे जमत नाही. चार वेगळ्या ग्रुपनी हाताळलेल्या खोक्यात कोणाचं पान कुठे गेलंय हे देवालाही सांगता येणार नाही.

खरेदी

फक्त मूळ संच घ्या. विस्तार संच नकोत, ते कितीही स्वस्तात मिळत असले तरी. मूळ संच पूर्ण खेळून झाल्यावर कोणी 'पुढचं कधी?' असं विचारलं, तरच पुढचं.

जुना गेम घेताना काही गोष्टी मुद्दाम तपासाव्या लागतात. आर्कहॅमचा २०१६ चा मूळ संच एका खोक्यात दोघांपुरताच होता. चौघांसाठी दोन खोकी लागायची, आणि त्यात खेळाडूंच्या बऱ्याच पानांची एकेकच प्रत होती. २०२१ चा सुधारित संच चौघांपर्यंत एकाच खोक्यात चालतो. विकणारा स्वस्त सांगतो तेव्हा यातला कुठला आहे ते विचारा, खोक्याच्या मागच्या बाजूचा फोटो मागा. लेगसी प्रकारचा, म्हणजे खेळताना कायमचा बदलत जाणारा, गेम अर्धा खेळलेला असेल तर घेऊच नका. जॉज ऑफ द लायनमध्ये नकाशावर स्टिकर चिकटवायचे असतात, पण त्याने गेम निकामी होत नाही. तो जुना घ्यायला हरकत नाही, पात्रांची पानं मात्र मोजून घ्या.

स्लीव्ह, म्हणजे पानांची प्लास्टिकची पाकिटं, डेक-बिल्डिंगमध्ये ऐच्छिक नसतात. पानं सतत पिसली जातात, नवी पानं जुन्यांत मिसळतात, आणि पाठ झिजलेली जुनी पानं ओळखू यायला लागतात. नेहमीचं माप ६३.५ × ८८ मिलिमीटर, पण ग्लूमहेवनमध्ये छोटी पानंही असतात, ४४ × ६८ ची. मोजूनच मागवा. जून ते सप्टेंबर पुण्याची हवा ओली असते आणि पानांना बाक येतो, खोक्यात सिलिका जेलच्या दोन पुड्या टाका. चकत्या-ठोकळ्यांसाठी खास आयात केलेले कप्पे घेण्याची गरज नाही. रविवार पेठेत बोहरी आळीत स्क्रू-नट ठेवायचे कप्प्यांचे प्लास्टिकचे डबे मिळतात, तेच चालतात. वेगळी पाकिटं, कार्डशीट, रंगीत दुभाजक यासाठी अप्पा बळवंत चौक आहेच.

खरेदीच नको असेल तर: घरचे पत्ते

प्रत्येकाला साध्या पत्त्यांचा एक जोड द्या, पाठीचा रंग वेगवेगळा असला तर छान. चार रंगांना चार गुण: इस्पिक म्हणजे अंगबळ, बदाम म्हणजे माणसं वळवणं, चौकट म्हणजे अक्कल, किलवर म्हणजे हातचलाखी. प्रत्येकाने आपल्या जोडातून १० पानं काढायची: मुख्य गुणाची चार (दुरी ते पंजी), दुसऱ्याची तीन (दुरी ते चौकी), तिसऱ्याची दोन (दुरी, तिरी), चौथ्याची एक दुरी. डेक तयार, पात्रही तयार. ज्याच्याकडे बदामाच्या चार आणि इस्पिकची एकच, तो बोलून वेळ मारून नेणारा आहे हे सांगावं लागत नाही.

हातात ५ पानं. गेम मास्टर प्रसंग सांगतो आणि काम किती अवघड ते ठरवतो: सोपं असेल तर ४, बरं असेल तर ७, कठीण असेल तर १०. तुम्ही हातातली हवी तितकी पानं टाकायची. त्या गुणाच्या रंगाचं पान आपल्या आकड्याइतकं, बाकीचं कुठलंही पान फक्त १. प्रसंग संपेपर्यंत नवी पानं उचलायची नाहीत. म्हणून कठीण कामात सगळा हात उधळला तर पुढच्या अडचणीला तुम्ही रिकाम्या हाताने उभे. डेक संपून पुन्हा पिसताना त्यात एक जोकर घालायचा: थकवा. जोकरची किंमत शून्य. पूर्ण रात्रीची झोप मिळाली की जोकर बाहेर.

साहस संपलं की प्रत्येकाने जे केलं त्याला साजेसं एक पान डेकमध्ये येतं, आधीच्या सर्वात मोठ्या पानाच्या वरचं, आणि हवं तर एक पान बाहेर काढता येतं. रंग इतरांनी मिळून ठरवायचा. बोलघेवड्याने शेवटी मारामारी केली असेल तर त्याला इस्पिक मिळणार, बदाम नाही. टेबलावरचे सर्वात गरम वाद इथेच होतात.

गोष्टीसाठी ड्रॅगन हवाच असं नाही. १८ व्या शतकात नानासाहेब पेशव्यांनी कात्रजच्या तलावातून शनिवारवाड्यापर्यंत पाणी आणलं, जमिनीखालच्या नळांतून, मध्ये हौद आणि उच्छ्वास, म्हणजे हवेच्या वाटा. याहून चांगली भुयारं कुठल्या खोक्यात मिळणार? हौसेने चाराऐवजी दहा गुण हवे असतील तर सावंतवाडीच्या दशावतारी गंजिफाची रचना बघा, दहा अवतार, प्रत्येकाची १२ पानं, एकूण १२०. खरा हाताने रंगवलेला संच मात्र खेळात झिजवू नका, कागदी नक्कल करून घ्या.

पहिली संध्याकाळ

नियम एकानेच वाचून यायचं आणि आदल्या दिवशी एकट्याने एक डाव मांडून बघायचा. सगळ्यांना तासभर नियम ऐकवू नका. पहिली फेरी पानं उघडी ठेवून खेळा, चुकलेलं परत घेऊ द्या. पात्र निवडताना कोण बलवान कोण दुबळं यावर चर्चा नको, फक्त एक वाक्य विचारा: हा माणूस इथे का आलाय? उत्तर 'पैशासाठी' असलं तरी चालेल.

भजी टेबलावर नकोत. चहाही वेगळ्या स्टुलावर.

जाणकाराने दुसऱ्याच्या हातात डोकावून 'हे टाक' म्हणायचं नाही. सहकार्याच्या गेममध्ये हा सर्वात मोठा रोग आहे. थोरल्या ग्लूमहेवनमध्ये तर आपल्या पानांवरचे नेमके आकडे इतरांना सांगायला नियमानेच मनाई आहे. तोच नियम इतर गेममध्येही लावा, खेळ सुधारतो.

उठताना प्रत्येकाचा डेक वेगळ्या पाकिटात, वर पात्राचं नाव. मांडलेल्या पटाचा आणि नोंदवहीच्या पानाचा फोटो ग्रुपवर टाका, कारण पुढची तारीख तीन आठवड्यांनी पडणार आणि तोवर कोणाच्या अंगावर किती जखमा होत्या यावर चार जणांची चार मतं असतील. आणि पाकिटं घेऊन जाऊ देऊ नका. ज्याच्या घरी खोकं, त्याच्याच घरी सगळे डेक. न आलेल्याच्या बॅगेत त्याचा डेक राहिला की चौघांचा शनिवार फुकट.